कोबीची दोन पिंपं

२ फेब्रुवारी २००४, सोमवार

आजपासून वही पुन्हा उघडली. निवृत्त झाल्यावर ती बंद ठेवली होती, कारण लिहिण्यासारखं काही घडत नव्हतं. आता घडतंय, आणि या घरात ऐकून घेणारं कोणी नाही.

आमच्या पुढच्या दोन खोल्यांत खानावळ चालते. दारावर पिवळ्या अक्षरांत पाटी आहे, 'ठकूबाई घरगुती भोजन'. ठकूबाई म्हणजे माझी बायको. मी बत्तीस वर्षं प्राथमिक शाळेत मास्तर होतो, त्यातली शेवटची सात मुख्याध्यापक. पालक ज्या दाराबाहेर चपला काढून उभे राहायचे, त्या दारात आता टेम्पोवाले चूळ भरतात. दिवसभर घरात फोडणीचा, ओल्या फडक्याचा आणि परक्या माणसांच्या घामाचा वास. मला लहानपणापासून वास सोसत नाहीत. किळस हा शब्द मी विचार करूनच लिहितोय.

आज हिला स्पष्ट सांगितलं. पाडव्याला गुढी वर आणि पाटी खाली. पेन्शनीत दोघांचं भागतं. ही भाकरी थापत होती. म्हणाली, "पाडव्याला अजून दीड महिना हाय. तवर गप ऱ्हावा."

त्यात आज दोन नवे जेवणारे आले. वारूळवाडीच्या माळावर भाजी सुकवायचा कारखाना उभा राहतोय, तिथली यंत्रं बसवायला आलेले. एक पोलंडचा बोगदान, दाराच्या चौकटीएवढा उंच आणि लालबुंद. दुसरा कोरियाचा छोई, बारका, मान खाली घालून जेवणारा. त्यांच्याबरोबर दुभाषी म्हणून कारखान्यातली प्रांजल नावाची मुलगी. बोगदाननं आमटीत केळं कुस्करून खाल्लं. मी उठून मागच्या अंगणात गेलो.

५ फेब्रुवारी

शेपू. या भाजीनं माझं बालपण नासवलं. आज बोगदाननं ओट्यावरची शेपूची जुडी उचलली, नाकाला लावली आणि डोळे मिटून उभा राहिला. मग कच्चीच खाल्ली. प्रांजल म्हणाली, त्यांच्याकडे नव्या बटाट्यावर, काकडीवर, सगळ्यावर शेपू घालतात. त्याला त्याच्या आईची आठवण आली म्हणे. ज्या आईची आठवण शेपूनं येते तिच्याबद्दल काय बोलावं.

ते गेल्यावर ही मला विचारते, "एवढा कसला वास आला वो त्याला?"

"शेपूचा. तुला शेपूचा वास माहीत नाही?"

"तुमी सांगा की. तुमी मास्तर."

मी सांगितलं. उग्र, हिरवा, तोंडात गेल्यावर संध्याकाळपर्यंत ढेकरेतून परत येणारा. हिनं लक्ष देऊन ऐकलं. माझी चेष्टा करायची ही नवी तऱ्हा.

११ फेब्रुवारी

आज थोडक्यात वाचलो. वाचनालयातून आलो तर ओटीपासूनच गॅसचा वास. धावत आत गेलो. शेगडीचं एक बटण उघडं होतं आणि ही दुसऱ्या शेगडीपाशी हातात काडेपेटी घेऊन उभी. मी काडेपेटी हिसकावली, खिडक्या उघडल्या आणि आयुष्यात ओरडलो नसेन एवढा ओरडलो. हिनं शेगडीची सगळी बटणं हातानं चाचपली. चेहरा पांढराफटक पडला होता. म्हणाली, "सर्दी झालीया मला."

हिची सर्दी दिवाळीपासून चालू आहे. दिवाळीत न्हाणीत पाय घसरून उताणी पडली, डोक्याला मागे टेंगूळ आलं. ते चार दिवसांत बसलं, पण तेव्हापासून हिचं लक्ष म्हणून कशात नाही.

संध्याकाळी हिनं माझी खुर्ची उचलून स्वयंपाकघराच्या दारात मांडली. "हितं बसून पेपर वाचा. उजेड चांगला हाय." उजेड ओटीवर जास्त आहे. मी तसं म्हटलं, तर म्हणाली, "मला सोबत व्हती." छत्तीस वर्षांत हिला सोबत लागली नव्हती.

१४ फेब्रुवारी

आज घरात जो वास आला तो लिहून ठेवतो, म्हणजे पुढे कोणी म्हणायला नको की मास्तर उगाच चिडतो.

छोईनं आठ दिवसांपूर्वी हिच्याकडून कोबी, मुळा, लसूण, आलं आणि लाल तिखट मागून घेतलं होतं. मीठ लावून एका बरणीत दाबून मोरीजवळ ठेवलं होतं. आज बरणी उघडली. आधी फुस्स असा आवाज. मग भपकारा. गटार तुंबल्यावर त्यात कोणी लसणाची फोडणी ओतावी तसा. आमच्याकडे हिच्या हाताखाली काम करणारी भागू पदर नाकाला लावून बाहेर पळाली. भाजी अशी फसफसली की ती म्हशीपुढे टाकायची, एवढं लहान पोरालाही कळतं.

बोगदाननं वास घेतला आणि टेबलावर हात आपटला. त्यांच्याकडेही हेच करतात म्हणे, फक्त मिठात, तिखट न घालता. दोघं भांडायला लागले की खरा आंबट कोबी कोणाचा. जगात दोन देश नासलेल्या कोबीच्या मालकीवरून भांडू शकतात हे मला साठीनंतर कळलं.

सगळ्यात वाईट म्हणजे हिनं ते खाल्लं. बोटानं एक तुकडा उचलला, तोंडात टाकला, चावला. कुरकुर आवाज आला. मग दुसरा घेतला. वाटीभर संपवला. डोळ्यांत पाणी.

"तिखट लागलं ना?" मी म्हटलं.

"लागलं," ही म्हणाली. "आंबट बी लागलं. लई दिसांनी कायतरी खाल्ल्यावानी वाटलं."

म्हणजे मी गेले चार महिने जे निमूट गिळतोय ते हिच्या लेखी जेवणच नव्हतं. ते खरंच आहे. आमटीत कधी हिंग दुप्पट असतो, कधी विसरलेला असतो. एक शब्द बोललो नाही. बोलायला हवं होतं.

२० फेब्रुवारी

प्रांजल आज मालकांचा निरोप घेऊन आली. चौदा मार्चला कारखान्याचं उद्घाटन आहे. साठ माणसांचं दुपारचं जेवण हिनं करायचं. अट अशी की भाज्या याच महिन्यातल्या, इथल्याच शेतातल्या, कारण कारखाना त्याच सुकवणार. पदार्थ पोलंड आणि कोरियाचे, कारण यंत्रं तिकडची. आणि भाव नेहमीच्या ताटाचा. जेवण नीट झालं तर एप्रिलपासून कामगारांचं रोजचं जेवण आमच्याकडून जाईल.

"आणि न्हाई झालं तर?" हिनं विचारलं.

प्रांजल संकोचून म्हणाली, "नारायणगावचा एक केटरर बी मागं लागलाय, काकू. मग आमचे जेवणारे पण तिकडं जातील."

म्हणजे पाटी आपोआप उतरेल. मला हसू आलं. हिनं ते पाहिलं.

बोगदान आणि छोई तासभर भांडले. याला हे हवं, त्याला ते. ही मधेच उठली आणि म्हणाली, "त्यांना सांग, दोन देशांचे दोन सैपाक या भावात व्हायचे न्हाईत. एकच ताट करीन. दोघांनी त्यातच बसायचं."

ताट असं ठरलं. बोगदानचं पिएरोगी म्हणजे बटाटा आणि आंबट कोबीच्या उकडलेल्या करंज्या. आपण नागपंचमीला दिंडं उकडतो तशाच, फक्त पुरणाच्या जागी हे पाप. त्या उकडून छोईच्या पद्धतीनं तव्यावर तिळाच्या तेलात परतायच्या. छोईचं कांद्याच्या पातीचं धिरडं, त्यात बोगदानचा शेपू. बिटाचं पातळ आंबट सार, त्यात नवलकोलाच्या फोडी, वर चक्का. आणि बाजूला आंबट कोबी, मीठ बोगदानच्या हिशेबानं, तिखट छोईच्या. कोबीला यंदा कोणी विचारत नाही, लोक शेतात मेंढ्या सोडताहेत. पोतं भरून फुकट मिळाला. फुकट मिळाला म्हणून काही तो कुजवायचा नसतो.

२४ फेब्रुवारी

आज कोबी भरला. कारखान्यानं दोन निळी पिंपं दिली, घासून उकळत्या पाण्यानं धुतलेली. ही, भागू आणि ते दोघं परदेशी फरशीवर मांड्या घालून बसले होते. कोबी चिरला, मीठ चोळलं, पाणी सुटेपर्यंत तुडवला. मग मुळा, पात, आलं, लसूण, तिखट. बोगदानला एक मसाला हवा होता तो नारायणगावात मिळाला नाही, हिनं मूठभर ओवा टाकला. वर ताटली आणि ताटलीवर नदीतला धोंडा, म्हणजे कोबी पाण्याखाली राहावा. बोगदानची बाही कोपरापर्यंत लाल झाली होती आणि तो गाणं म्हणत होता.

दोन्ही पिंपं न्हाणीच्या मागच्या गार बोळात ठेवली. प्रांजलनं सांगितलं, वर पांढरा साका, म्हणजे साईसारखा थर, आला तर काढून टाकायचा, त्यानं बिघडत नाही. बिघडला की नाही ते फक्त वासावरून कळतं.

"फकस्त वासावरनं?" हिनं दोनदा विचारलं.

"हो काकू. बोगदान म्हणतो, नाक असलं की झालं."

ही बराच वेळ धोंड्यावर हात ठेवून बसली होती.

२९ फेब्रुवारी

पिंपं बुडबुडतात. मी अंथरुणात पडल्यापडल्या ऐकतो. वास न्हाणीत, टॉवेलाला, माझ्या धोतराला. काल बँकेत माझा जुना विद्यार्थी सोपान भेटला, आता कॅशियर आहे. पाया पडायला वाकला आणि जरा थांबून मागे सरला. तेवढं पुरलं.

ही रोज सकाळी मला बोळात नेते. "बघा बरं, कालच्यापरास जास्त येतोय का कमी?" मी नाक दाबून सांगतो. जास्त. उग्र. आंबट. ही माझ्या तोंडाकडे टक लावून बघत असते. जेवतानाही तेच. मी पहिला घास घेतला की हिचा हात थांबतो. या वयात बायकोनं असं बघत बसणं मला आवडत नाही आणि मी तसं सांगितलं.

६ मार्च, होळी

पुरणाला करपट वास होता. डाळ खाली लागली होती आणि हिनं तीच वाटून पोळ्या केल्या. शेजारच्या प्रयागबाईंनी एक घास घेतला आणि पाणी मागितलं. वेलदोडा तर एवढा की औषध खाल्ल्यासारखं वाटलं. नैवेद्याला हे.

मी बोललो. प्रयागबाईंसमोरच बोललो. म्हटलं, परक्यांसाठी कोबी कुजवायला वेळ आहे आणि देवाच्या ताटात करपलेलं वाढतेस, हात बिघडलाय तुझा, घर कुबट झालंय, मला या घराची शिसारी येते. प्रयागबाई ताट झाकून गेल्या.

ही म्हणाली, "मग मला शिजताना सांगायचं ना, करपतंय म्हनून."

"मी सांगायचं? तुझ्या नाकाला काय झालंय?"

ही उठली. उरलेलं पुरण म्हशीच्या घमेल्यात टाकून आली.

७ मार्च

सकाळी पिशवी भरली. धाकटा भाऊ रखमाजी आणे गावी असतो, त्याच्याकडे जातो म्हणून सांगितलं. चौदा तारीख होऊन जाऊ दे, मग येईन. ही म्हणाली, "आता जाऊ नगा. ते दोघं बी पार्ट आनायला मुंबईला चाललेत, त्याच दिशी येनार. आठ दिस थांबा."

मी थांबलो नाही. हात धुवायला मागे गेलो तर बोळातला वास घशात उतरला. रागाच्या भरात एक पिंप ओढत परसात नेलं आणि उन्हात ठेवलं. म्हटलं, लोणच्याची बरणी आपण उन्हातच मुरवतो, याला काय सोन्याचा मुलामा आहे. दुसरं जड होतं, हललं नाही. हिला सांगितलं, "एक बाहेर काढलंय, निदान अर्धा वास कमी होईल."

एसटीत बसल्यावर मोकळा श्वास घेतला.

९ मार्च, आणे

इथे पठारावर वारा आहे. रखमाजीच्या घरात वास म्हणजे फक्त चुलीचा आणि मेंढवाड्याचा, तोही लांबून. भावजय हुलग्याचं माडगं करते, वेळच्या वेळी, न करपता. मी समाधानात आहे.

काल एकदा वाटलं की इथे पहिल्या घासाला कोणी माझ्याकडे बघत नाही. सवय, दुसरं काय.

११ मार्च, आणे

दुपारी रखमाजीच्या फोनवर हिचा फोन. हिनं आजवर मला कधी फोन केलेला नाही, जन्मात नाही. मी हॅलो म्हटलं.

"तुमी येता का?"

"कशाला?"

"पिंपं उघडायचीत. दोनीवर साका आलाय. मला काय कळंना झालंय."

"भागूला विचार."

"भागूला समदंच घान येतं. ती दोनी टाका म्हनती. तुमी येऊन वास घ्या."

मी म्हटलं, साठ माणसांच्या जेवणासाठी माझं नाक लागतं का. ही म्हणाली, "व्हय." आणि फोन ठेवला.

रखमाजी म्हणाला, "जा दादा. वैनी उगं बोलवायची न्हाई."

उद्या पहिल्या गाडीनं निघतो. गेल्यावर काय सांगायचं ते मी आत्ताच ठरवलं आहे.

१२ मार्च

जे झालं ते जसंच्या तसं लिहितो.

दहा वाजता पोचलो. ही बोळात उभी होती. परसातलं पिंप तिनं आत आणून दुसऱ्याच्या शेजारी ठेवलेलं. दोन्हीची झाकणं काढली. आधी उन्हातलं. मी वाकलो आणि तोंड फिरवून मागे सरलो. मेलेली घूस. कोबी वरून काळा, बुळबुळीत, हाताला चिकटणारा. ते पिंप मी मारलं होतं, ते मला तिथेच कळलं.

मग सावलीतलं. वाकलो. वास आला आंबट, खणखणीत, लसणाचा. साक्याखाली कोबी पिवळा, करकरीत. घाण वास, पण जिवंत. कालच्या आणि आजच्या वरणात जो फरक कोणालाही कळेल तो या दोन पिंपांत होता. दारातून जाणाऱ्यालाही कळला असता.

मी सरळ उभा राहिलो आणि म्हणालो, "दोन्ही गेलेत."

ठरवून आलो होतो तसंच बोललो. दोन पिंपं गेली की जेवण गेलं, जेवण गेलं की पाटी गेली, आणि मी त्यात कुठे नाही.

ही "बरं" म्हणाली. एवढंच. पदर खोचला, चांगल्या पिंपावरचा धोंडा काढला, ताटली काढली, आणि पिंप तिरकं करून मोरीकडे ओढायला लागली. आंबट लाल पाणी फरशीवर सांडलं. वास असा उसळला की माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. ती त्या वासात तोंड घालून उभी होती आणि तिच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. साध्या पाण्याची घागर ओतावी तशी.

मग मला एकामागून एक सगळं आठवलं. काडेपेटी. पुरण. दारातली खुर्ची. तुमी सांगा की, तुमी मास्तर. दीड महिना मी वहीत हिच्या चुका उतरवत होतो.

मी पिंप धरलं. "थांब," म्हणालो. "हे चांगलं आहे."

"आत्ता तर गेलंय म्हनला."

"चुकलो. पुन्हा वास घेतला. चांगलं आहे."

तिनं पिंप सरळ केलं. मी विचारलं, "कधीपासून वास येत नाही तुला?"

"दिवाळीपास्नं. डोकं आपटलं तवापास्नं. आदी वाटलं सर्दी हाय." पुढचं ती फरशी पुसत बोलली. "जुन्नरच्या डॉक्टरला दावलं भागूसंगं जाऊन. येईल न येईल म्हनला. तुमाला सांगितलं असतं तर तुमी दुसऱ्या दिशी पाटी काढली असती."

काढली असती. मी खाली बसून दुसरं फडकं घेतलं.

१४ मार्च

पाठ मोडली आहे, पण लिहायला हवं.

पहाटेपासून माझी खुर्ची आत, शेगड्यांच्या मधे. पेपर नाही. हिच्या चार शेगड्यांकडे तोंड करून मी नुसतं बोलत होतो. दोन नंबर, तीळ तापले, आता खमंग. तीन नंबर, लसूण लाल होतोय, खाली घे. बीट अजून मातकट आहे, शिजू दे. एक नंबर करपट, करपट, काढ. ही माझ्याकडे न बघता हात चालवत होती. भागू म्हणाली, "गुर्जी आज पाढं म्हनत्यात जनू."

एक पिंप गेल्यामुळे कोबी अर्धाच होता. हिनं करंज्यांत बटाटा वाढवला, कोबी आणि थोडा शेपू बारीक चिरून मिसळला, आणि बाजूला वाढायच्या ऐवजी पातीच्या धिरड्यात थोडा घातला. दोघा परदेशींची दोन्ही भांडणं एकाच तव्यावर आली.

सगळ्यांना आवडलं असं मी लिहिणार नाही. पुण्याहून आलेल्या एका पाहुण्यानं रुमाल काढला. आमच्या गावातल्या दादाभाऊनं करंजी फोडून आत बघितलं आणि विचारलं, "राव, ह्यात गूळ घालायचं राहिलं का?" बिटाचं सार पाचसहा जणांनी ताटातच ठेवलं. पण कामगारांनी धिरडी मागून मागून घेतली, वर ठेचा मागितला. छोई चार धिरडी जेवला आणि ताटलीला कपाळ लावलं. बोगदाननं पहिली करंजी तोंडात घातली आणि खिडकीकडे तोंड केलं. आईनं शेपू आणि कोबी एकत्र कधी घातला नव्हता, पण आता पत्रात लिहीन, असं म्हणाला म्हणे.

प्रांजल जाताना हिला म्हणाली, "एक एप्रिलपासून, काकू."

मी स्वतः ताट घेतलं. एक करंजी खाल्ली. घाण होती. दुसरी खाल्ली नाही. हिनं विचारलं, "खरं सांगा." मी खरं सांगितलं. उग्र, कुबट, शेपूनं सगळं नासवलंय. ही समाधानानं मान हलवत राहिली.

२१ मार्च, पाडवा

सकाळी गुढी उभारली. कडुनिंबाची डहाळी बांधताना हिला पानं चुरडून दाखवली आणि सांगितलं, वास हिरवा आहे, कडवट, पावसाळ्यात ओल्या भिंतीला येतो त्याच्या जवळचा. ती म्हणाली, आठवला. आठवला की नाही कोण जाणे.

पाटी वरच आहे. धूळ बसली होती, ओल्या फडक्यानं पुसली.

जेवताना माझ्या मनात आठ दिवस जे होतं ते बोलून टाकलं. म्हटलं, त्या दिवशी पिंपापाशी मी चुकलो नव्हतो. मी खोटं बोललो होतो.

"म्हाईत हाय," ही म्हणाली.

माझा घास हातातच राहिला. "तुला वास आला?"

"वास कुठनं यायचा. छत्तीस वर्सं तुमचं त्वांड बघत्ये मी. घान म्हनता तवा तुमचं नाक आदी वर जातं आन मग शब्द येतो. पैल्या पिंपाला गेलं. दुसऱ्याला न्हाई गेलं."

"मग ओतायला का निघालीस? सगळं गेलं असतं."

हिनं माझ्या ताटात श्रीखंड वाढलं. "तुमी थांबवता का ते बघत व्हते."

"आणि थांबवलं नसतं तर?"

"तर पाटी मीच काढली असती," ती म्हणाली. "आन तुमच्यासाठी रांधनं बी सोडलं असतं."

मी हातातला घास खाल्ला. थोड्या वेळानं तिनं वाटी माझ्या नाकासमोर धरली आणि विचारलं, केशर कळतंय का. मी वास घेतला. म्हटलं, केशर कळत नाही, चक्का जरा जास्त आंबला आहे, आणि तुझ्या हाताला अजून लसणाचा घाण वास येतोय. तिनं हात मागे घेतला नाही.